वनवासाच्या गाण्यातली शिदोरी

लॅटिन मला येत नाही, हे आधीच सांगून टाकते. एम.ए. इंग्रजी मी नांदेडला केलं. घरातली पहिली पदवी माझी, आणि आमच्या गल्लीतलीही पहिलीच. त्याचा मला गर्व आहे आणि तो मी लपवत नाही. पण लॅटिन कविता मी वाचल्या त्या इंग्रजीतून, ग्रंथालयातल्या पानं सुटलेल्या भाषांतरांतून.

आमच्या नोट्समध्ये एक वाक्य होतं: रोमन कवींनी ग्रीकांची पुराणं उसनी घेतली. दरवर्षी सगळे तेच लिहायचे, मार्क पडायचे. मला ते वाक्य खटकायचं. उसनं घेतलं म्हणजे काय? एक कथा मी तीन भाषांतरांतून वाचली होती. एक राजकन्या परक्या वीराला मदत करते, त्याच्यासाठी आईबाप सोडून जहाजात बसते, आणि तो तिला एका बेटावर झोपेत टाकून निघून जातो. कथा ग्रीकांचीच. पण एका कवीकडं ती दोन ओळींत उरकते, तर दुसऱ्याकडं राजकन्या किनाऱ्यावर उभी राहून पानंच्या पानं बोलते. गोष्ट तर ऐकणाऱ्यांना पाठ होती, मग इतकं बोलायला का लावलं? सरांना विचारलं, तर म्हणाले, "परीक्षेला नाही येत ते. सोडून दे."

मी सोडलं नाही. लातूरला कॉलेजात नोकरी लागल्यावर तोच पेपर शिकवायला मिळाला, तेव्हा मला उत्तर सुचलं. ते पुस्तकातून नाही आलं. आमच्या गावच्या पंचमीच्या फेरातून आलं.

गाव अहमदपूरच्या बाजूला. नागपंचमीच्या आधी चार-पाच दिवस संध्याकाळी पारापुढं बाया फेर धरतात आणि गाणी म्हणतात. त्यात एक वनवासाचं गाणं असतं. राजाच्या हुकमावरून दीर राणीला रथात घालून रानात नेतो आणि सोडून येतो. नावं घ्यायची गरज नाही, शेंबड्या पोरालाही ठाऊक आहेत. हे गाणं प्रत्येक बाई आपापल्या पद्धतीनं म्हणते. कुणी राणीच्या तोंडी सासूची गाऱ्हाणी घालते, कुणी नवऱ्याची. ऐकणाऱ्या बायांना बरोबर कळतं की हिनं आज कुणाला बोलून घेतलं. पण फेर सुटला की कुणी विचारत नाही, हे कुणावर होतं म्हणून. विचारायचंच नसतं. सासू असली तरी ती गुमान घरी जाते आणि दुसऱ्या दिवशी तिला उत्तर द्यायचं असेल तर गाण्यातच देते.

माझ्या मायच्या गाण्यात राणी राजाला काहीच विचारत नाही. ती दिराला विचारते. तिच्या गाण्यात राणीनं वाटेसाठी शिदोरी बांधलेली असते. तिला वाटतं गावाला चाललोय, चार दिवसांत येऊ. दीर ती बांधताना बघत उभा असतो. मायचे शब्द मी इथं देणार नाही. का ते पुढं येईलच.

ही शिदोरी दुसऱ्या कुणाच्या गाण्यात नाही. ती कुठून आली ते मला मावशीनं सांगितलं होतं. मी तान्ही असताना डॉक्टरांनी मायला पुढं मूल होणं अवघड सांगितलं. वडिलांच्या डोक्यात दुसरं लग्न आलं. त्यांनी धाकट्या भावाला, म्हणजे माझ्या काकांना, सांगितलं की हिला माहेरी घालून ये. मायचं माहेर बिलोलीकडं. काका तेव्हा एकोणीस-वीसचे. ते मायला आणि मला एसटीनं घेऊन गेले, "चार दिवसांनी न्यायला येतो" म्हणाले आणि आले दीड वर्षानं. तोवर वडिलांचं लग्न काही जमलं नव्हतं. मायनं त्या दिवशी वाटेसाठी भाकरी आणि शेंगदाण्याची चटणी बांधली होती, काकांचा परतीचा वाटाही वेगळा बांधला होता.

यावर आमच्या घरात कधी कुणी एक शब्द बोललं नाही. वडील गेले. काका मात्र माझ्यासाठी वडलांशी भांडलेले. नांदेडला माझा फॉर्म त्यांनी भरला, वसतिगृहाच्या रांगेत माझ्याऐवजी तेच उभे राहिले. रोज सकाळचा चहा ते मायच्या चुलीपुढं बसून प्यायचे, आणि दोघांचं बोलणं संपायचं नाही.

आमच्या कॉलेजात सेमिनार ठरलं, तेव्हा मी याच विषयावर पेपर लिहिला. मुद्दा सरळ होता. रोमन कवी ग्रीक कथा सांगत नव्हते, ती तर सगळ्यांना माहीत होती. ते तिच्या आडून आपलं बोलत होते. कवी कुठं बोलतो हे शोधायचं, तर कथेत त्यानं काय बदललं ते बघायचं. नवी वस्तू कुठं ठेवली, कुणाला जास्त बोलू दिलं, कुणाला गप्प बसवलं. कथा सगळ्यांची, बदल त्याचा. आणि पुरावा म्हणून मी मायचं गाणं घेतलं. आदल्या पंचमीला फोनवर रेकॉर्ड केलं होतं. तिला विचारलं होतं, ती म्हणाली, "कर की. काय झिजतंय का माझं?" पण रेकॉर्ड केल्यावर मी त्याचं काय करणार, हे मी सांगितलं नाही. तिनंही विचारलं नाही.

वर मी मायला आणि काकांना ऐकायला बोलावलं. मी व्यासपीठावरून बोलतेय हे त्यांनी बघावं, एवढीच हौस. काका मायला म्हणाले म्हणे, "चला वैनी, पोरगी बोलनार हाय. समजलं तर समजलं, न्हाई तर चहा तर भेटंल."

दोघं दुसऱ्या रांगेत बसले. मायनं ठेवणीतलं लुगडं नेसलं होतं. मी गाणं लावलं. सभागृहात मायचा आवाज घुमला, तशी ती लाजून हसली, काकांनीही तिच्याकडं बघून मान हलवली. मग मी अर्थ सांगायला लागले. नाव नाही घेतलं, "एक ग्रामीण स्त्री" म्हणाले. म्हणाले, ही स्त्री पुराणातल्या राणीच्या आडून स्वतःच्या दिराला जाब विचारते. ही शिदोरी मूळ कथेत नाही, ती तिच्या आयुष्यातली आहे. तिनं त्याला माफ केलेलं नाही.

हे मी त्यांच्यासमोर कसं बोलले, असं लोक विचारतील. खरं सांगते. त्यांना कळणार नाही, असं मी धरून चालले होते. सेमिनारची भाषा आहे, मध्येमध्ये इंग्रजी आहे, लॅटिन कवी आहेत, यांच्या डोक्यावरून जाईल. ज्यांच्याकडून अर्थ उचलला त्यांनाच तो कळणार नाही, असं मला वाटलं. माझ्या शिक्षणानं मला हे शिकवलं नव्हतं, ते माझंच होतं.

टाळ्या पडल्या. नांदेडचे माझे तेच सर आले होते, म्हणाले, "छान पकडलंस." मी खूश होते. खाली आले तेव्हा रांगेत दोघं नव्हते. बस स्टँडवर सापडले. काका, जे एसटीत अनोळखी माणसालाही गाव-शीव विचारून घेतात, ते सगळ्यांकडं पाठ करून उभे होते.

"चहा घेतला का?" मी विचारलं.

मग काका मायकडं न बघता म्हणाले, "वैनी, ते माझ्यावर हाय का?"

"काय?"

"गानं."

"वनवासाचं गानं हाय ते, भावजी. सगळ्याच म्हनत्यात."

"सगळ्या न्हाई म्हनत. आमच्या आईचं ऐकलंय म्या ल्हानपनापासून. तिच्यात शिदोरी न्हाई."

मी तासभर जे समजावत होते ते काकांनी एका वाक्यात केलं होतं. माय पदराचं टोक बोटाला गुंडाळत राहिली.

"मला ठावं व्हतं," काका म्हणाले. "दादानं सांगितलं व्हतं मला, आनायला जायचं न्हाई म्हनून. भाकर मी बसमधी खाल्ली, वैनी. रडत खाल्ली, पन खाल्ली."

"अहमदपूरची लागली बगा," माय म्हणाली आणि पिशवी उचलून चालायला लागली.

त्यानंतर काका सकाळी चहाला येईनात. कधी म्हणायचे घरीच झाला, कधी म्हणायचे शेतात जायचंय. दिसले तर बोलायचे, पण उभ्याउभ्या. मी एका रविवारी गावी गेले आणि मायची माफी मागायला बसले.

"मी नाव घेतलं नव्हतं, माय."

"आवाज माझाच व्हता की."

"मला वाटलं..."

"तुला काय वाटलं ते मला कळलं. आमाला कळत न्हाई असं वाटलं." ती तांदूळ निवडत होती, हात थांबला नाही. "तू लई शिकलीस, ते चांगलंच झालं. पन फेरातलं कुनी असं उकलून सांगतं व्हय? गान्यात मी त्याला बोलून घेत व्हते, म्हनून घरात त्याच्याशी नीट बोलता येत व्हतं. आता त्यो माझ्याफुडं बसंना. इतकी वर्सं बोलतोय आमी दोघं, आन् आता बसंना."

"मी काकांना सांगते."

"तू कायच सांगू नको आता."

सेमिनारचे पेपर छापायचं ठरलं तेव्हा मी मायचा भाग काढून पाठवला. संपादकांचा फोन आला, "मॅडम, तोच तर भाग हवा होता. बाकी सगळं लोकांना माहीत आहे." बाकी खरंच सगळं लोकांना माहीत होतं. मी म्हणाले, तो भाग माझा नव्हता. आता हे सगळं लिहिण्याआधी मात्र दोघांनाही विचारलं. काका म्हणाले, "लिही. मी केलं ते केलं." माय म्हणाली, "लिही, पन माझं गानं लिहू नको."

या पंचमीला मी फेरात उभी राहिले. वनवासाचं गाणं सुरू झालं, आणि मायची पाळी आली तशा बाया जरा थांबल्या. त्यांना तिचं गाणं ठाऊक होतं. मायनं सगळ्या म्हणतात तसं म्हटलं. राजाचा हुकूम, रथ, रान, संपलं. शेजारची म्हातारी म्हणाली, "येवढंच?" मायनं ऐकलं न ऐकलंसं केलं आणि पुढचीला पाळी दिली.

घरी आलो तर काका ओट्यावर बसले होते. तिथवर पाराचा आवाज येतो.

"आज लवकर उरकलं, वैनी?"

"हाव," माय म्हणाली आणि आत गेली. काका बराच वेळ तिथंच बसून राहिले. मी त्यांच्याजवळ बसले नाही, आतही गेले नाही.