चौकटीतल्या अकरा झोपड्या

तुमच्या चेहऱ्यावर कुणी कधी काळोख मोजलाय?

माझ्या चेहऱ्यावर मोजलाय. गुडगावात, भल्या सकाळी, पंचवीस माणसांसमोर. इटलीहून आलेल्या कॅमेरामनने प्रकाश मोजायचं मीटर माझ्या गालाशी धरलं. इंग्रजीत म्हणाला, "हिच्याहून गडद इथे काही नाही. काळ्याची हद्द इथून धरा."

प्रॉडक्शन मॅनेजर म्हणाला, "मॅडम, आप तो बड़े काम की चीज़ हैं!"

सगळे हसले. मीही हसले. ते हसणं मला अजून पचलेलं नाही.

मी त्या कॅमेरामनची असिस्टंट. दिल्लीत आर. के. पुरमच्या सरकारी क्वार्टरमध्ये, बाबांनी सभांमधून आणलेली पत्रकं वाचत वाढलेली. तो नावाजलेला. चाळीस वर्षं कॅमेरा, शिवाय लेखक. जेवणाच्या सुट्टीत वही काढून बसायचा. आम्ही एका बिल्डरच्या नव्या वसाहतीची जाहिरात करत होतो. मोकळी जमीन, उगवता सूर्य. पण कॅमेऱ्याच्या चौकटीत अकरा झोपड्या येत होत्या. खडी फोडणाऱ्यांच्या.

"त्यांना दोन तास लांब ने," तो म्हणाला. "तू त्यांच्यातलीच दिसतेस. तुझं ऐकतील."

मी गेले.

रोट्या भाजणाऱ्या बाईने विचारलं, "शूटिंग है? हीरो कौन है?"

"दो घंटे की बात है, अम्मा."

तिने तवा उतरवला, पोरांना हाका मारल्या. मी वळले, तेव्हा आमच्या गाड्यांमागे उभा बुलडोझर दिसला. ड्रायव्हर बिडी ओढत होता.

"ये किसलिए?"

"ये लोग निकलें, फिर चालू."

मी उलटी धावले. "अम्मा, कोई मत निकलना! घर तोड़ने आए हैं!"

बायका दारांत बसल्या. मांडीवर पोरं. कुणी हललं नाही. सूर्य वर आला. शॉट गेला.

"तू माझी सकाळ घालवलीस," कॅमेरामन म्हणाला.

"त्यांची घरं जात होती, सर."

"ते माझं काम नाही. माझं काम प्रकाश."

मॅनेजर म्हणाला, "कल से मत आना."

तिसऱ्या दिवशी झोपड्या पाडल्या. बिल्डरची माणसं पोलीस घेऊन आली होती. शॉट झाला.

पुढे त्या कॅमेरामनचं आत्मचरित्र आलं. दिल्लीवर एक प्रकरण. त्यात एक वाक्य: तिथे आम्हाला एक रिकामी जमीन मिळाली, आणि पहिला प्रकाश.

रिकामी!

त्या अकरा झोपड्यांतली कुटुंबं मी शोधते आहे. सात सापडली. एकेकाचं नाव लिहून घेते. चार राहिलीत, तीही शोधणार. आता लिहिणारा तो एकटा नाही.

ते पुस्तक तुमच्या हाती आलं तर फाडू नका. त्या वाक्याशी थांबा. स्वतःची प्रत असेल तर पेनाने, वाचनालयाची असेल तर पेन्सिलीने, समासात लिहा: इथे माणसं राहत होती.