टायरवरचा डोंगर आणि दाजींचा बाक

टायरच्या दुकानात किस्से साचतात, याचं कारण साधं आहे. ज्याच्या गाडीचं चाक निघालंय तो माणूस कुठं जाऊ शकत नाही. मग तो बसतो, चहा मागतो आणि बोलतो. कडेगावात माझं दुकान बावीस वर्षं आहे, त्यामुळं किस्से भरपूर. फक्त गेल्या तीन वर्षांतल्या प्रत्येक किश्श्यात हिरो दाजी आहेत आणि मी जॅक लावणारा माणूस!

दाजी म्हणजे माझ्या थोरल्या बहिणीचे यजमान. मिलिटरीत ड्रायव्हर होते. टायरला साखळ्या बांधून बर्फातून लॉरी चालवलेला माणूस. रिटायर झाले आणि रोज दहाच्या ठोक्याला माझ्या दुकानातल्या बाकावर येऊन बसायला लागले. बहिणीचा नवरा, त्यामुळं ऊठ म्हणता येत नाही. सरळच सांगतो, मला त्यांचा हेवा वाटतो. लय वाटतो. माझं मागणं फार नाही. माझ्याच दुकानात एकदा तरी कुणी टायरचं मला विचारावं, एवढंच.

* * *

पहिला दणका एका ट्रॅक्टरवाल्यानं दिला. मी हातात पाना घेऊन उभा, कोपरापर्यंत काळा झालेलो. तो आत आला, सगळीकडं बघितलं आणि म्हणाला, "दाजी न्हाईत व्हय?"

"मालक मी हाय. काय पायजे?"

"तुमी हायसा हो. दाजी कवा येत्यात?"

मी म्हणालो, "ते माझे दाजी. तुझे कवा झाले रं?"

"आवं, आख्ख्या कडेगावचं दाजी हायत ते," असं म्हणून तो बाकावर जाऊन बसला. दाजींची जागा सोडून बसला, हे मला जास्त लागलं.

* * *

दाजींना बर्फ माहीत आहे आणि मला नाही, एवढाच फरक आहे असं मी ठरवलं. मग अभ्यास सुरू केला. दुपारी जेवताना मोबाईलवर व्हिडिओ लावायचो. कुठल्या टायरवर कुठली खूण, कुठलं रबर थंडीत मऊ राहतं, कुठलं दगड होतं, सगळं पाठ केलं.

बायको भाकरी वाढताना एकदा बघत उभी राहिली. म्हणाली, "तुमी जन्मात बर्फ बघितलाय तो रसवंतीत."

तरी मी हरलो नाही. दुकानात बोर्ड लावला, 'बर्फातल्या व हिवाळी टायरची माहिती येथे मिळेल.' महिनाभर कुणी विचारलं नाही. शेवटी एक जण बोर्डासमोर थांबला, पूर्ण वाचला. मी हात पुसत पुढं झालो.

"दाजींनी लावला का बोर्ड?" तो म्हणाला. "अक्षर झ्याक हाय."

* * *

कवठे महांकाळचे एक द्राक्षबागायतदार आहेत, त्यांना सगळे अण्णा म्हणतात. त्यांनी उत्तरेकडून जुनी जीप आणली. माझ्या दुकानासमोर उभी केली आणि मी टायरकडं बघून उडालोच. कडेला तीन शिखरांचा छोटासा डोंगर, आत बर्फाची चांदणी. व्हिडिओतली खूण माझ्या दारात! त्यावर हळद-कुंकू मात्र होतं. अण्णांनी देवाचा डोंगर समजून दसऱ्याला पूजा केलेली.

मी म्हणालो, "अण्णा, ही बर्फाची टायरं हायत. बर्फावर टेस्ट झाल्याशिवाय हा शिक्का मिळत न्हाई. पर रबर मऊ असतंय. आपल्याकडच्या उन्हात खोडरबरासारखं झिजणार."

"असं कसं? डोंगर हाय की त्यावर."

दहा मिनिटं समजावलं. अण्णांनी मान हलवली आणि बाकाकडं बघितलं. दाजी उठले, अंगठ्यानं टायर दाबलं आणि म्हणाले, "काढा."

अण्णांनी चारी टायरं बदलली. टायरं माझ्या दुकानातली, घाम माझा. जाताना नमस्कार मात्र बाकाला.

* * *

आमच्याकडं बर्फ पडत नाही, पण हिवाळ्यात रस्ता घसरतोच. कारखाना सुरू झाला की ट्रॉलीतून ऊस पडतो, चाकाखाली चिरडतो, वर पहाटेचं दव. एका सरांची गाडी अशीच वळणावर फिरून उसात गेली. सर सुखरूप, पण रागात. टायरवर बोट ठेवून म्हणाले, "यावर ट्रॅक्शन 'ए' लिहिलंय. मग घसरली कशी?"

असा प्रश्न बावीस वर्षांत कुणी विचारला नव्हता. मी स्टूल पुढं ओढलं. सांगितलं की हा 'ए' म्हणजे ओल्या रस्त्यावर सरळ जाताना ब्रेक किती धरतो त्याचा ग्रेड. वळणाचा त्यात हिशोब नाही, बर्फाचाही नाही, उसाच्या रसाचा तर नाहीच. सरांनी शेवटपर्यंत ऐकलं. मग दाजींना विचारलं, "तुमचं मत काय?"

दाजी म्हणाले, "सर, सीझन चालू झाला की सावकाश जावा."

"याला म्हणतात अनुभव," सर म्हणाले.

दुसऱ्या दिवशी त्यांच्या शाळेतले आणखी दोघं आले. दाजींना बघायला.

* * *

मग दाजी चार दिवस पुतणीच्या लग्नाला गेले. मी बाकावर स्वतः बसून बघितलं. चांगला आहे बाक, वारा येतो. एवढ्यात एक गिऱ्हाईक आलं. त्यानं माझ्याशी न बोलता दाजींना व्हिडिओ कॉल लावला आणि मोबाईल टायरसमोर धरला. स्क्रीनवर फेटा बांधलेले दाजी, मागं सनई.

"डावीकडचं दाव," दाजी म्हणाले. मी गुपचूप टायर फिरवलं.

* * *

आता शेवटचं. माझे जावई कोयनानगरला धरणाच्या कामावर होते, तिथून तसल्याच कामावर हिमाचलात गेले. पोरगी अश्विनी तिकडं शाळेत शिकवते आणि रोज घाटातून स्वतः गाडी चालवते. तिथला तिचा पहिलाच हिवाळा. एका सकाळी तिचा फोन आला.

"पप्पा, मामा हायत का जवळ? फोन द्या की त्यांना."

आत्याचा नवरा म्हणून ती दाजींना मामा म्हणते. पोटच्या पोरीनंही त्यांनाच विचारावं? मी फोन दिला. लॉरीच्या आवाजानं दाजींचा कान गेलाय, त्यामुळं त्यांनी नेहमीसारखा स्पीकर लावला.

"मामा, दुकानदार दोन सेट दाखवतोय. एकावर एम आणि एस अशी अक्षरं हायत, ते स्वस्त हाय. दुसऱ्यावर डोंगर. दोन्ही बर्फाचीच म्हणतोय. पुढच्या दोनच चाकांना बसवली तरी चालंल म्हणतोय. उद्यापासनं बर्फ सांगितलंय. काय करू?"

दाजी फोनवर तळहात ठेवून माझ्याकडं वळले. "पाव्हणं, आमाला टायर स्टोअरमधनं यायची. आमी फकस्त साखळ्या बांधल्या. ह्यातलं मला न्हाई कळत."

तीन वर्षं मी या वाक्याची वाट बघत होतो. एक क्षण वाटलं, बसा आता! पण पलीकडं पोरगी होती आणि उद्यापासून बर्फ.

मी दाजींच्या चांगल्या कानाशी लागून सांगत गेलो, दाजी मोठ्यानं पुढं पाठवत गेले. डोंगराचीच घे. अक्षरं कंपनी टायरची नक्षी बघून आपल्या मनानं छापते, डोंगर टेस्ट पास झाल्यावरच मिळतो. चारी चाकांना घे, नुसती पुढं बसवलीस तर पुढचं धरतंय आणि मागचं फिरतंय. ट्रॅक्शन 'ए' दाखवला तर भुलू नको, तो पावसातल्या ब्रेकचा. शेवटी दाजींनी आपलं जोडलंच, "आणि सावकाश जा."

"बरं झालं मामा, तुमाला विचारलं," ती म्हणाली. "पप्पांना विचारलं असतं तर दोन तास लेक्चर ऐकावं लागलं असतं."

मी पाना घेतला आणि एक घट्टच असलेला नट पुन्हा आवळायला लागलो.

दाजींनी घसा खाकरला. "अश्विनी, मी फकस्त शेवटचं बोललो. बाकी समदं तुझा बाप सांगत हुता."



"मग थांबा," पोरगी म्हणाली. "वही घेते. पप्पांना म्हणावं, पहिल्यापासनं सांगा."