पाठकोऱ्या कागदांवरचा सिनेमा

आमच्या घरात खेळण्यांपेक्षा पत्रकं जास्त. वडील मोर्च्यांची पत्रकं वाटायचे आणि उरलेल्यांच्या पाठकोऱ्या बाजूवर मी चित्रं काढायचे. प्रत्येक कागदावर माणूस जरासा सरकवायचा, कागद एकत्र टाचायचे आणि अंगठ्याखालून भर्रकन सोडायचे. माणूस चालायला लागायचा.

लातूरला क्लासला आले तेव्हा माझ्या बाकावर किल्लारीकडची एक मुलगी होती. भूकंपात तिचं घर गेलं होतं, आणि क्लास चालवणाऱ्या सरांना ते फार उपयोगी वाटलं. ‘भूकंपग्रस्त मुलींना मोफत नोट्स’ असा कार्यक्रमच ठेवला. सरांनी स्टेजवर जाडजूड गठ्ठा तिच्या हातात दिला, फोटो निघाला. ती पायऱ्या उतरते तर खाली क्लार्क हात पुढे करून उभा.

“आण इकडं. पुढच्या पोरीच्या फोटोला लागतंय.”

“मग माझ्या?”

“येतील की गं. लई घाई तुला!”

परीक्षा तोंडावर आली, नोट्स आल्या नाहीत. फोटो मात्र क्लासच्या जाहिरातीवर छापून आला. गेटवर ते कागद ढिगाने वाटत होते. मी ढीगभर उचलले. ज्या कागदावर यांनी दान छापलं, त्याच्याच पाठीवर मी चित्रं काढली आणि पुस्तिका टाचली. उजव्या अंगठ्याने सोडलं, की सर नोट्स देतात. डाव्याने मागून सोडलं, की तेच सर, तेच हसू, नोट्स काढून घेतात.

वर्ग हसून लोळत असतानाच सर आत आले. पुस्तिका हिसकावली, उजव्या अंगठ्याने सोडली आणि चक्क खूश झाले.

“वा! पालक मेळाव्यात दाखवू हे.”

माझं डोकं तडकलं. पण ती माझ्या आधी उठली.

“सर, उलटं सोडून बघा की.”

त्यांनी सोडलं. ज्या चित्रात नोट्सवर सरांचा आणि तिचा, दोघांचेही हात होते, नेमका तिथे अंगठा थांबला.

“अडकलं का सर? जाऊ द्या की पुढं.”

“क्लास सोडायचा विचार हाय का तुझा?”

“न्हाई सर. नोट्स घ्यायचा विचार हाय.”

त्याच दुपारी तिला नोट्स मिळाल्या. फोटोशिवाय. स्टेजवरच्या बाकीच्या मुलींना नाहीच. पुस्तिका ड्रॉवरमध्ये कोंबून सर म्हणाले, “मिटलं आता.”

कुणाचं मिटलं?

संध्याकाळी गेटवरून मी जाहिरातींचा नवा ढीग उचलला. ती म्हणाली, “ह्या टायमाला क्लार्कबी घे. नाक मोठं काढ त्याचं.”