पट्टीच्या खालचं लिंबू

चंदर मेस्त्रीने विक्रोळीच्या इमारतीच्या गच्चीवर, निळ्या पिंपात, पाच वर्षं एक लिंबाचं झाड वाढवलं. ते त्याचं नव्हतं.

त्याचं झाड कुडाळकडे होतं, घरामागे, आईने लावलेलं. भावाने जागा विकली तेव्हा, तोड व्हायच्या आधी, चंदरने त्याच्या चार काड्या ओल्या पंच्यात गुंडाळून आणल्या. आरे कॉलनीत रोपं विकणाऱ्या हर्षदने त्यातला कोंबाचा एक डोळा जंबेरीवर, म्हणजे रानटी लिंबाच्या काटेरी खुंटावर, बांधून दिला. प्लास्टिकची पट्टी गुंडाळताना म्हणाला, "काका, पट्टीच्या वर फुटेल ते तुमचं. खालून फुटेल ते खुडायचं. दया नाय करायची."

चंदर बत्तीस वर्षं कारखान्यात फिटर. केसाएवढा फरक चालवून न घेणारा. पण पहिल्याच उन्हाळ्यात डोळ्यातून आलेली काडी चार पानांवर अडली आणि पट्टीखालून एक फुटवा जोरात वर आला. "जगूक बघता ता," असं बायकोला, जयाला, सांगून त्याने खुडायला नेलेला हात मागे घेतला. दिवाळीपर्यंत वरची काडी वाळली. ती त्याने स्वतः हेक्सॉ ब्लेडने कापली. सपाट, कारखान्यात कापावी तशी. वर शेण लावलं.

यंदा फळं आली. जाड सालीची, खडबडीत, आत बियाच बिया. त्यातलं एक घेऊन तो आरेला गेला.

"ही जंबेरी," हर्षद म्हणाला. "वरचं कुठाय?"

"वाळलं. मी कापलं."

"तुम्ही कापलं?" हर्षदने फळ परत त्याच्या हातात दिलं. "ठीकाय, पुन्हा बांधू. गावाहून डोळा आणा."

गावच्या त्या जागेवर आता कुणाच्या तरी गाड्या उभ्या राहतात.

जेवताना जयाने तेच फळ तळलेल्या बांगड्यावर पिळलं. "आंबट आसा मां. मगे?"

"हो आमचो लिंबू न्हय."

"पाच वर्सां पाणी मीय चढवलंय. माझो हो लिंबू."

त्याने ताट सरकवलं.

सकाळी गच्चीवर गेला तेव्हा बुंध्याशी नवा फुटवा आला होता, कोवळा, तकतकीत. चंदरने तो लगेच खुडला. वर वाचवायचं काही नव्हतं. काटा बोटात गेला, तो त्याने तसाच ठेवला आणि पिंपात बादली ओतली.