फळ्यावर जागा नसलेलं ब्रह्मांड

चार माणसं दर रविवारी नऊ वाजता एका खोलीत बसली, की विज्ञान किती जमतं ते माहीत नाही, किस्से मात्र ढिगानं जमतात. आमच्या विश्रांतवाडीच्या सोसायटीच्या हॉलमध्ये तसंच झालं. मी सुनंदा, कॉलेजच्या फिजिक्स लॅबमध्ये असिस्टंट होते. रिटायर झाल्यावर हाताला काम नाही, घरात पाय ठरेना, म्हणून केळकर सरांच्या या विज्ञान मंडळात जाऊन बसायला लागले. तिथंही कोणी एका जागी बसेना, ते वेगळं!

सर शाळेत फिजिक्स शिकवायचे. त्यांचा नियम एकच. फळ्यावर दोन रकाने, 'तपासलं' आणि 'तपासायचंय'. जे यातल्या कशातच बसत नाही, त्याला फळ्यावर जागा नाही. एकदा सोसायटीच्या चेअरमननी आत डोकावून विचारलं, की तुमच्या मंडळाचा सोसायटीला फायदा काय? सरांनी तो प्रश्न जसाच्या तसा 'तपासायचंय'मध्ये लिहिला. पुढचे पाच-सहा रविवार तो तिथंच होता.

*

मानसी हिंजवडीला सॉफ्टवेअरमध्ये. ती रविवारीसुद्धा अख्खं पुणं ओलांडून यायची आणि कधीच वेळेवर पोचायची नाही. एकदा अर्धा तास उशिरा आली आणि दारातूनच म्हणाली, "सर, रिलेटिव्हिटी! जो प्रवासात असतो त्याचं घड्याळ मंद चालतं."

सरांनी तिच्यापुढे कप सरकवला. "चालू दे. चहा आमच्या घड्याळाप्रमाणे निवलाय."

तिनं तो तसाच गार प्यायला. त्यानंतर ती वीसच मिनिटं उशिरा येऊ लागली.

*

खांदवे पहिल्यांदा आले तो दिवस मला लख्ख आठवतो. पांढरा सदरा, पायात कोल्हापुरी, साठीचा गडी. वाघोलीहून आले होते. दारातच उभे राहून त्यांनी विचारलं, "इथं दुसऱ्या ब्रह्मांडाचं सांगत्यात का?"

सर म्हणाले, "इथं पहिल्याचंच अजून पूर्ण झालेलं नाही. बसा."

पण खांदवे बसायचे नाहीत. खिडकीपासून दारापर्यंत फेऱ्या मारत ऐकायचे. मला कोणी अशा येरझाऱ्या घातलेल्या सहन होत नाहीत, माझा निम्मा जीव त्यांच्या चपलांच्या आवाजाकडे असायचा. चौथ्या रविवारी मी त्यांना चपला बाहेर काढायला सांगितल्या. मग ते अनवाणी फेऱ्या मारू लागले.

*

मानसी एका रविवारी अनेक विश्वांवर बोलली. म्हणाली, काही शास्त्रज्ञ म्हणतात, की अगदी सूक्ष्म पातळीवर जिथं दोन गोष्टी शक्य असतात, तिथं दोन्ही घडतात. विश्वाला फाटे फुटतात, एकात हे होतं, दुसऱ्यात ते. बाकीचे शास्त्रज्ञ म्हणतात, की हे नुसतं गणित झालं, दाखवा पाहू.

सर बाकीच्यांच्या बाजूचे. "त्या विश्वात जाता येतं? नाही. तिथून काही इकडे येतं? तेही नाही. मग फळ्यावर जागा नाही."

तेव्हा खांदवे थांबले. त्यांची वाघोलीची शेवटची दोन एकर जमीन बिल्डरला गेली होती. पोरांनी ठरवलं होतं. सह्या करायच्या दिवशी ते कचेरीतून बाहेर नळावर पाणी प्यायला गेले. समोर रस्ता मोकळा होता. पाणी पिऊन ते परत आत आले आणि सही केली. तेव्हापासून त्यांना कुठं स्वस्थ बसवत नव्हतं.

"सर, एका तरी ठिकाणी मी पाणी पिऊन सरळ शेतावर गेलो असंल का? एवढंच सांगा."

सर खडू हातात घेऊन उभे होते. "सांगता येणार नाही."

"मग न्हाई म्हणा."

"तेही सांगता येणार नाही."

खांदव्यांनी चपला घातल्या आणि ते निघून गेले.

*

पुढचे दोन रविवार ते आलेच नाहीत. मला सरांचा भयंकर राग आला होता. मी त्यांना तोंडावर विचारलं, की एक 'हो' म्हणायला तुमचं काय जात होतं? त्या माणसाचं तेवढ्यावर भागलं असतं.

सर म्हणाले, "सुनंदाबाई, लॅबमध्ये पोरं पुस्तकातलं रीडिंग वहीत उतरवायची. तुम्ही चालवून घेत होतात?"

मी चालवून घेत होते. वर्षानुवर्षं घेतलं होतं! पोरं पास होत होती, कोणाचं काही अडत नव्हतं. पण त्यांच्यासमोर ते कबूल करणं माझ्या जिवावर आलं. मी कप विसळायला निघून गेले.

*

तिसऱ्या शनिवारी सरांनी आपण होऊन खांदव्यांना फोन लावला. आइन्स्टाइनचा लिफ्टचा प्रयोग करायचा आहे, आमची लिफ्ट तीन मजल्यांची, तुमच्याकडे उंच बिल्डिंग आहे का? खांदवे म्हणाले, "हाय एक. अकरा मजली. या."

दुसऱ्या दिवशी आम्ही माझ्या बाथरूममधला वजनकाटा घेऊन गेलो. खांदव्यांनी मागच्या बाजूनं आत नेलं, पार्किंगमधून, कोणी विचारलंही नाही. लिफ्टच्या दारापाशी ते म्हणाले, "हितं विहीर व्हती. बरोबर हितं." मानसीनं माझा हात धरला. ती बिल्डिंग कुणाच्या जमिनीवर उभी होती ते आम्हाला तेव्हा कळलं.

सरांनी खांदव्यांना काट्यावर उभं केलं. लिफ्ट वर निघाली, काटा सत्तरवरून शहात्तरवर गेला. अकराव्याला थांबता थांबता पासष्टवर उतरला. सर सांगत होते, की बंद पेटीतल्या माणसाला कळूच शकत नाही, त्याला खालून जमीन ओढतेय की पेटी वर ढकलतेय. खांदवे खाली काट्याकडे बघत होते. म्हणाले, "मला कळतंय." सरांनी वाद घातला नाही. परत खाली, परत वर. खांदवे पहिल्यांदाच इतका वेळ एका जागी उभे होते.

पाचव्या फेरीनंतर दार उघडलं, तर समोर वॉचमन, हातात व्हिजिटरचं रजिस्टर. मगापासून वर-खाली करताय, कोणाकडे आलात, लिहा इथं.

खांदवे पुढे होऊ लागले. सरांनी त्यांना हातानं थांबवलं आणि खिशातलं पेन काढलं. पहिल्या रकान्यात स्वतःचं नाव, दुसऱ्यात विश्रांतवाडी. 'कोणाकडे' या रकान्यापाशी ते अडले. मग फळ्यावर लिहायचे तशा सुवाच्य अक्षरात लिहिलं, 'बाळासाहेब खांदवे, विहिरीजवळ'.

वॉचमननं वाचलं. पान उलटून फ्लॅटवाल्यांची यादी वरपासून खालपर्यंत बोट फिरवून पाहिली. "या नावाचं इथं कोणी राहत नाही."

सरांनी पेनाला टोपण लावलं.

"इथं नसतील," ते म्हणाले.