सातवा सामना आणि गच्चीवरचा डबा

कोल्हापुरात बसून अमेरिकेतलं बास्केटबॉल बघायचं असेल, तर ते आपल्याला बघायचं आहे हे कुणाला कळू द्यायचं नाही, अशी अट मी स्वतःवर घालून घेतली होती. ती पाळताना काय झालं ते सांगतो. यातून कुणी काही शिकावं असा हेतू नाही. चूक कुणाची होती ते एकदा लिहून ठेवावं, एवढंच. चूक केबलवाल्याची होती.

मी गुळाचा व्यापारी. मार्केट यार्डात डोक्यावरून गुळाचे रवे, म्हणजे ढेपा, वाहत होतो, तिथून स्वतःच्या पेढीपर्यंत आलो ते एकाच विद्येच्या जोरावर: जो माल हवा त्याच्याकडे बघायचं नाही. सौद्यात एखादा पिवळाधमक गूळ मनात भरला की मी त्याच्याकडे पाठ करायचो, शेजारच्या काळपट गुळाचा वास घ्यायचो आणि भाव बोलायची वेळ आली की जांभई देत बोलायचो. डोळ्यांत गरज दिसली की भाव चढतो. बायकोला बघायला गेलो होतो तेव्हासुद्धा मी सगळा वेळ भिंतीवरच्या कॅलेंडरकडे बघत होतो, असं ती अजून पाहुण्यांना सांगते.

उन्हाळ्यात गुळाचा हंगाम संपतो, पण अंगाला लागलेली पहाटेची सवय संपत नाही. नव्वदच्या दशकात आमच्या गल्लीत केबल आली, त्यानंतरच्या एका मे महिन्यात मी असाच लवकर उठून टीव्हीपुढे बसलो. एका चॅनेलवर भक्तिगीतं होती, एकावर खतांची माहिती आणि एकावर ही ताडमाड माणसं. मी स्वतः उंचीला असा, की वरच्या फळीवरची बरणी बायको काढून देते. त्या माणसांशी माझा संबंध काय? पण खेळ बघता बघता मी सरळ होऊन बसलो. चेंडू हातात आला की चोवीस सेकंदांच्या आत टोपलीकडे फेकायचा, नाहीतर तो समोरच्याला द्यायचा. हा तर सौदाच होता. आणि शेवटची दोन मिनिटं अर्धा तास चालायची. कुणीतरी हात वर करायचा, खेळ थांबायचा, सगळे गोल करून कुजबुजायचे आणि परत यायचे. आमच्या यार्डात "आता शेवटचं सांगतो" म्हटल्यावर हुबेहूब हेच चालतं. फुटबॉलवर जीव टाकणाऱ्या या गावात हा खेळ मला एकट्याला सापडलाय, अशी माझी समजूत झाली.

एप्रिल-मेमध्ये त्यांची बाद फेरी असते. एका जोडीत सातपैकी चार सामने जो जिंकेल तो पुढे. तिथली रात्र म्हणजे इथली सकाळ, त्यामुळे सामना साडेसहाला सुरू होऊन नवाच्या सुमारास संपायचा. संपायचा म्हणे. मला शेवट कधी दिसलाच नाही. केबलवाल्याकडे यंत्रं कमी आणि चॅनेल जास्त, म्हणून एकाच नंबरावर तो दिवसभर तीन-चार गोष्टी आळीपाळीने चालवायचा. साडेआठ झाले की खेळ तुटायचा आणि त्याचं स्वतःचं लोकल चॅनेल सुरू व्हायचं: कुणाच्या पहिल्या वाढदिवसाचा फोटो, कुणा नगरसेवकाची निवड, कुणाचं उत्तरकार्य. चेंडू हवेत असताना तो जाऊन त्या जागी टोपडं घातलेलं बाळ आलेलं मी कितीदा बघितलंय. मराठी पेपरात निकाल यायचा नाही. इंग्रजी पेपरासाठी वाचनालयात जायचो आणि तिथंही आधी बाजारभावाचं पान वाचल्याचं सोंग करायचो.

केबलवाल्याशी माझं जुनंच वाकडं होतं. पहिली वायर ओढताना त्याने माझ्या नव्या गिलाव्याला न विचारता भोक पाडलं होतं. त्याला माझ्याकडून एक गोष्ट हवी होती. गल्लीत माझंच घर उंच, म्हणून माझ्या गच्चीवर त्याला सिग्नल वाढवणारा डबा बसवायचा होता. भोकाचा राग म्हणून मी गच्ची वर्षानुवर्षं दिली नव्हती. म्हणजे मला जे हवं ते त्याच्याकडे होतं आणि त्याला हवं ते माझ्याकडे. शाळेतल्या पोरानेसुद्धा हा व्यवहार एका वाक्यात मिटवला असता. मी पोर नव्हतो. मी व्यापारी होतो.

एकदा तो बिल मागायला दारात आला.

"शेठ, गच्चीचं काय करताय? एवढा एक डबा ठिवायचा हाय."

"डब्याचं मागनं बघू. सकाळी सकाळी काय लावतोस रे ते? टोपलीत बॉल टाकत्यात ते?"

"ते व्हय. चालू हाय म्हणून चालू हाय. कोण बघतंय का न्हाय, मला म्हाईत न्हाय."

बेत असा होता: आधी त्याला जमणार नाही अशी वस्तू मागायची, त्याने हात टेकले की नाइलाजाने खाली उतरायचं आणि "बरं, निदान सकाळचं ते तरी पूर्ण दाखव" म्हणून विषय संपवायचा. बायकोचं माहेर कर्नाटकातलं, संकेश्वरकडचं. म्हणून मी म्हटलं, "आमच्या हिला कन्नड पिक्चर बघाय मिळंनात. त्याचं बघ काहीतरी."

"कन्नड अवघड हाय, शेठ. मशीन न्हाय."

इथं उतरायचं होतं. सौदा माझ्या हातात होता. पण समोरचा एक पायरी खाली आला की त्याला आणखी दोन पायऱ्या उतरवायच्या, ही माझी खोड. मी म्हटलं, "अवघड कसलं त्यात? ते लांबटांगे काढ आणि कन्नड घाल. गल्लीतलं कुत्रं बघत न्हाय ते."

"आसं म्हणताय?"

"आसंच म्हणतोय."

"बघतो," म्हणून तो विचार करत गेला. माल जवळजवळ पदरात पडला, असं समजून मी दार लावलं. पुढच्या महिन्यात तो पुन्हा नाही म्हणायला येईल तेव्हा उतरू.

स्वयंपाकघरातून बायको म्हणाली, "मला कवा पायजे हुतं कन्नड पिक्चर?"

"तुला नकोच हाय."

"मग त्येला कशाला सांगितलासा?"

"धंद्यातलं तुला कळत न्हाय."

"मला न्हाईच कळत," ती म्हणाली, आणि ज्या सुरात म्हणाली तो मला आवडला नाही.

त्या वर्षी एका जोडीत तीन-तीन अशी बरोबरी झाली. सातवा सामना उरला. गडद बनियनवाले माझे, पांढरे समोरचे. त्या सकाळी मी चहा घेऊन बसलो, टीव्ही लावला आणि नारळाच्या बागेतून एक बाई पळत आली. तिच्यामागे मिशीवाला. खाली पट्टी सरकत होती. त्यात माझं नाव होतं, आणि एरवी सगळ्यांची नावं चुकवणाऱ्या त्या माणसाने माझं मात्र अगदी बरोबर लिहिलं होतं: सुप्रसिद्ध गूळ व्यापारी श्री. (आणि माझं नाव) यांच्या खास आग्रहावरून आजपासून रोज सकाळी कन्नड चित्रपट, बास्केटबॉल बंद.

बायको पदराला हात पुसत बाहेर आली. "अगं बाई, ह्यो चांगला हाय," म्हणाली आणि खुर्ची ओढून बसली.

मी फोनजवळ गेलो, परत आलो. फोन करून काय सांगायचं? बराच वेळ मी ती नारळाची बाग बघितली. सव्वाआठच्या सुमारास समोरच्या घरातल्या ताई दारात उभ्या राहिल्या. बँकेत अधिकारी होत्या, बदली होऊन आलेल्या. गल्लीत सगळ्यांशी हसून बोलणाऱ्या. त्या हसत नव्हत्या.

"काका, बास्केटबॉल तुम्ही बंद करायला लावलंत?"

त्या सुराने माझं डोकं फिरलं. "लावलं. मग?"

"आज सातवा सामना आहे. कॉलेजात असताना मी खेळलेय. या गावात आल्यापासून सकाळचा तेवढाच एक वेळ माझा असतो. दीड तास त्या माणसाला फोन लावतेय, उचलत नाही."

समोर उभी असलेली बाई माझ्याच मनातलं बोलत होती, आणि मी म्हणालो, "आमच्या घरात कन्नड चालतं."

"मग मीच जाते त्याच्याकडे."

"मीबी येतो. कसा बदलतोय ते बघतोच." आणि मी त्यांच्या मोपेडवर मागे बसलो. बायको मागून म्हणाली, "शर्ट घाला की," पण तोवर गाडी निघाली होती. गंजीफ्रॉकवर मी मिरजकर तिकटीचा भर चौक ओलांडला.

केबलवाल्याची खोली पिठाच्या गिरणीवर होती. लोखंडी जिना, वर कपाटभर यंत्रं, वायरींचं जाळं आणि कोपऱ्यात एक छोटा काळा-पांढरा टीव्ही. त्या टीव्हीवर माझा सामना चालू होता. गल्लीला कन्नड दाखवत होता, पण खेळाचं चॅनेल त्याच्याकडे येतच होतं. शेवटची मिनिटं होती, दोन गुणांचा फरक.

"या शेठ," तो म्हणाला. "आभार मानाय आलासा व्हय? निपाणीसनं जुनं मशीन आणलंय बघा तुमच्यासाठी."

"ते खेळाचं चॅनेल आत्ताच्या आत्ता लावा," ताई म्हणाल्या.

"मॅडम, शेठनी सांगितलंय. शेठ, बोला. ठिवू का काढू?"

"तुझं तू ठरीव," मी म्हटलं. माझे डोळे त्या छोट्या टीव्हीवर होते. आयुष्यभर मालाकडे पाठ केलेला माणूस मी, पण पाठ वळेना. तेवढ्यात शिट्टी वाजली. पंचाने आमच्या गड्याला उगाच दोषी धरलं होतं.

"ह्यो कसला फाऊल?" मी मोठ्यानं म्हणालो.

ताई माझ्याकडे बघत होत्या. केबलवाल्याने कप खाली ठेवला.

"शेठ. तुमी बघताय की हे."

"कवातरी."

"मग कन्नड कुणाला पायजे हुतं?"

समोरच्याची गरज कळल्याचं जे हसू त्याच्या तोंडावर हळूहळू उमटत गेलं ते मी यार्डात पन्नास तोंडांवर बघितलंय. माझ्यामुळे मात्र पहिल्यांदाच उमटत होतं.

"लावतो की," तो म्हणाला. "कायमचं लावतो. वाढदिवस दुसरीकडं टाकतो. शेवटापत्तुर बघा. फकस्त ती गच्ची—"

"घे."

तोच गोंधळला. "घे म्हंजे?"

"घे म्हंजे घे. आधी ती वायर बदल."

त्याने एका यंत्रातली वायर काढून दुसऱ्यात खोचली. आमच्या घरी गाण्याच्या मध्येच बाई गेली आणि लांबटांगे आले, असं बायकोने नंतर रागानं सांगितलं. इकडे एका गुणाचा फरक उरला होता आणि काही सेकंद. कुणीतरी हात वर केला, खेळ थांबला. सगळे गोल करून कुजबुजायला लागले.

तो खेळ थांबला नसता तर पुढचं घडलं नसतं. पण मोकळा वेळ मिळाला आणि माझं डोकं चालू झालं. पहिल्या शब्दाला माल दिला? काहीच न मागता?

"डब्याला लाईट कुणाची?" मी विचारलं.

"तुमच्या मीटरवरनं घ्यायची की. चिमणीएवढी लागतीय."

"माझ्या मीटरवरनं? का म्हणून?"

"गच्ची तुमची, मीटर तुमचा."

"अरे, डबा कुणाचा? बिलं कोण गोळा करतंय?"

"काका, सुरू झालं," ताई म्हणाल्या.

"एक मिनिट, ताई. ह्या माणसानं आधी माझा गिलावा फोडला..." आणि मी त्याच्याकडे वळलो. समोरच्याच्या तोंडाकडे बघितल्याशिवाय मला भांडता येत नाही. टीव्ही माझ्या पाठीमागे गेला. मी गिलाव्यापासून सुरुवात करून मीटरपर्यंत येत होतो, केबलवाला माझ्या खांद्यावरून पलीकडे बघत होता आणि एकदम त्याचे डोळे मोठे झाले. ताईंनी किंकाळी फोडली. मी वळलो तर त्या टीव्हीपुढे उड्या मारत होत्या. त्यांना बाजूला व्हा म्हणेपर्यंत पडद्यावर गाडीची जाहिरात लागली.

"आयला, काय टाकला वो," केबलवाला म्हणाला. जन्मात पहिल्यांदा त्याने हा खेळ बघितला होता.

"कुणी टाकला? कसा?"

"आसा," म्हणून त्याने रिकामा कप हवेत फिरवला. ताईंनी करून दाखवला तो वेगळाच होता. गडद बनियनवाले जिंकले, एवढं दोघांच्या बोलण्यातून कळलं.

दुसऱ्या दिवशी डबा बसला. माझ्या मीटरवरून. त्यापुढच्या वर्षांत मी बाद फेरी ताईंच्या घरी पोहे खात, सगळ्यांदेखत, शेवटापर्यंत बघितली, त्यांची पुन्हा बदली होईपर्यंत.

पुढे घरात संगणक आला, इंटरनेट आलं आणि कुणीतरी तो जुना सामना त्यावर टाकलेला मला सापडला. काड्यापेटीएवढं चित्र. शेवटचे सेकंद येतात, आमचा गडी चेंडू घेतो, उडी मारतो, चेंडू हातातून सुटतो आणि चित्र थांबतं. गोल चाक फिरायला लागतं. दर वेळी तिथंच. चाक फिरतंय तोवर काय करायचं? मला हटकून आठवतं की गच्चीवरची ती लाईट अजून माझ्याच बिलात लागते. मी उठतो आणि केबलवाल्याला फोन लावतो.

"शेठ, परत तेच व्हय?" तो म्हणतो.

"परत म्हंजे? कवा मिटलंय ते?"

आणि आमचं रंगात आलेलं असतं तेव्हा आतल्या खोलीतून बायको हाक मारते, "अवो, गेला बघा तुमचा बॉल. पडला एकदाचा."

मी तिला हातानेच थांब म्हणून खुणावतो. आधी मीटरचं मिटू दे.