अर्ध्या पानावरचा इलाज

आमच्या वॉर्डात इलाज अर्ध्या पानावर चालायचा. परदेशी जर्नलात लेखाचा सारांश तेवढा फुकट दिसतो, पुढं कुलूप. विभागप्रमुख सर तो सारांश छापायचे, केसपेपरला टाचायचे आणि म्हणायचे, "झालं, पुरावा आहे." लायब्ररीनं जर्नलं घेणं कधीच बंद केलं होतं. मी निवासी डॉक्टर, मान हलवायचे.

मग गंगापूरकडची एक बाई आली. आठवा महिना, डोळे पिवळेजर्द, ताप हटेना. सरांनी सारांश टाचला: नवं इंजेक्शन, संध्याकाळच्या राउंडला पहिला डोस. तिची सासू माझा हात सोडेना. "म्याडम, दोघंबी वाचतील नव्हं?"

मला काय ठाऊक! सारांशात गरोदर बायकांबद्दल अक्षर नव्हतं. पुढची पानं उघडायला गेले, तर आधी डॉलर भरा म्हणे. डोकंच फिरलं माझं. अरे, आजार आमच्याकडं, मरणार आमची माणसं, अन् वाचायचं मात्र तुमच्या परवानगीनं? आग लागो त्या कुलपाला!

सरांना शंका सांगितली. "जास्त शहाणपणा नको," म्हणाले. मग मी तडक लेखकालाच मेल टाकला. ब्राझीलचा डॉक्टर होता, पत्ता सारांशाखालीच असतो. लिहिलं, पेशंट समोर आहे, लेख पाठवा.

चार वाजून गेल्यावर उत्तर आलं. सोबत अख्खा लेख. खाली लिहिलं होतं, छापलेला लेख माझ्याही हॉस्पिटलात उघडत नाही, ही माझ्याजवळची प्रत घ्या. ज्यानं लिहिलं त्यालाही कुलूप! मला हसू आलं आणि लगेच रडूही. आत स्पष्ट होतं: गरोदर बायकांत बाळाचे ठोके मंदावले, म्हणून त्यांचं औषध मध्येच थांबवलं.

राउंडला सिस्टर इंजेक्शन भरून उभ्या. मी कॉटच्या आडवी आले. "सर, हे हिला द्यायचं नाही."

"कोण म्हणतं?"

"ज्यानं लेख लिहिला, तोच." पान पुढं धरलं.

सरांनी दोनदा वाचलं. "टाकून द्या ते," सिस्टरना म्हणाले, आणि जुनंच औषध चालू ठेवलं. मग माझ्याकडं वळले. "हे चोरून आणलंस ना?"

"मागून आणलं, सर. पुढच्या वेळी कुणी दिलं नाही, तर चोरीन."

सर पुढच्या कॉटकडं गेले.

जुन्या औषधानंच ताप हळूहळू उतरला. पोरगी झाली, रडकी आणि धडधाकट. मायलेकी एसटीनं घरी गेल्या. चोरीन म्हणाले होते, ते वाक्य मी अजून मागं घेतलेलं नाही.